मालकायले इचारा

नोकरीच्या पहिल्या दिवशी मी बोलणी खाल्ली, ती साहेबाची नाही. कचेरीत पोचायच्या आधीच, नदीच्या घाटावर, एका डोंगेवालीची खाल्ली.

ही साठ-सत्तरच्या मधली गोष्ट. आमचं गाव कन्हान नदीच्या काठावर. नागपूरला जाणारी बस पलीकडच्या काठावरून सुटायची आणि मधे पूल नव्हता. इतर गावांत उन्हाळ्यात लोक पायानंच नदी ओलांडत, पण आमच्या घाटाशी खोल डोह होता, त्यामुळे बारा महिने डोंग्याशिवाय सुटका नसे. सकाळी खापरखेड्याच्या पॉवर हाऊसचा भोंगा झाला की नागपूरला अपडाऊन करणारी सगळी जनता उतार उतरून घाटावर जमायची. त्यात गिरणीतले कामगार होते, दूधवाले होते, एक मास्तर होते, आणि त्या दिवसापासून मी होते, एका सरकारी कचेरीतली नवीकोरी टायपिस्ट.

मी पोचले तेव्हा डोंगा भरलेला होता. हातात लांब बांबू धरून एक उंच, काळीसावळी, हाडापेरानं मजबूत बाई उभी होती. लुगड्याचा काष्टा घट्ट मारलेला, पदर कमरेला खोचलेला. मी घाईघाईनं चढले आणि म्हणाले, "बाई, लवकर सोडा ना डोंगा, माझी बस चुकेल."

तिनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"मले काय सांगून राहिली वं पोरी? मालक बसले ना तिथं. त्यायले इचार."

डोंग्याच्या मागच्या टोकाला, तणस, म्हणजे भाताचा पेंढा, भरलेल्या पोत्याला टेकून एक माणूस बसला होता. डोक्याला लाल फेटा, अंगावर धुतलेली बंडी, गुळगुळीत दाढी. पण उजवा हात मांडीवर ठेवून दिल्यासारखा पडलेला आणि तोंड एका बाजूला ओढलेलं. लकवा मारलेला माणूस ओळखायला डॉक्टर लागत नाही. मला वाटलं, बाई थट्टा करते आहे. मी आजूबाजूला पाहिलं, तर गिरणीतले जॉबर शामराव, चांगले भारदस्त मिशांचे गृहस्थ, मला गंभीर चेहऱ्यानं मानेनं खुणावत होते: विचार, विचार.

मी हात जोडले. "मालक, सोडायचा का डोंगा?"

त्या माणसानं माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. मग फळीवर ठेवलेल्या डाव्या हाताची बोटं जराशी वर उचलली.

"हां. सोडा मनते," असं म्हणून त्या बाईनं बांबू रेतीत रोवला आणि डोंगा हलला.

ती गिरजाबाई, आणि पोत्याला टेकलेला तो तिचा नवरा सीताराम. ढिवर समाजातली ही माणसं, पिढ्यान् पिढ्या त्या घाटावर डोंगा चालवणारी. पुढं पाच-सहा वर्षं रोज सकाळ-संध्याकाळ मी त्या दोघांच्या डोंग्यातून गेले-आले, आणि एकदाही सीतारामला विचारल्याशिवाय तो डोंगा सुटलेला मला आठवत नाही.

हे सगळं कसं सुरू झालं ते मला शामरावांनी सांगितलं. सीताराम चांगला असताना त्याच्या आरोळीनं पलीकडच्या काठावरची बस थांबायची म्हणे. बोलका माणूस, भांडखोर माणूस. एका सकाळी वल्हं मारता मारताच त्याची उजवी बाजू गेली. नागपूरच्या दवाखान्यात नेलं, पण वाचा गेली ती गेलीच. घरी आणल्यावर तो भिंतीकडं तोंड करून पडला. जेवायला दिलं की तोंड मिटून घ्यायचा. इकडं घाट बंद पडला. घाटाचा ठेका ग्रामपंचायतीकडं आणि ग्रामपंचायत मालगुजारांच्या, म्हणजे गावच्या जुन्या जमीनदारांच्या, ओसरीवर भरायची. मालगुजारी कायद्यानं कधीच गेली होती, पण आमच्या गावात मालगुजारांनी खाकरलं तरी लोक उठून उभे राहत. गावात बोलणं सुरू झालं की मालगुजार खालच्या घाटावरचा दुसरा डोंगेवाला आणणार. बाईच्या नावानं घाट कधी कुणी दिला होता?

आणि मग एके दिवशी भोंगा झाल्यावर गिरजाबाई झोपडीतून निघाली, ती नवऱ्याला पाठीवर घेऊन.

शामराव सांगायचे, "आमी सारे काठावर उभे. तिनं त्याले डोंग्यात बसवलं, फेटा सारका केला, आन बांबू हाती घेतला. मी मनलं, काहून वं गिरजा, डोंगा तू चालवते का आता? त मने, मी काहून चालवीन जी? डोंगा मालक चालवते. मी फक्त हात लावतो."

शामराव गिरणीत दीडशे माणसं हाकणारे गृहस्थ. त्यांना पुढचं समजवून सांगावं लागलं नाही. त्यांचं घर नागपूरला दीक्षा घेऊन आलेलं, त्यांनी डोक्यावरची टोपी काढली, सीतारामसमोर उभे राहिले आणि म्हणाले, "जयभीम, मालक. सोडता का डोंगा?" सीतारामनं आधी मान फिरवली. शामराव तिथंच उभे. तिकडं बस हॉर्न मारत होती, मागचे लोक चुळबूळ करत होते. शेवटी सीतारामनं डावा हात हलवला.

तेव्हापासून अपडाऊनवाल्यांचा हा ठरून गेलेला रिवाज झाला. न बोलता सगळ्यांना कळलेलं होतं की सीताराम घाटावर येतो तोवर घाट त्याचा. ज्या दिवशी तो आला नाही त्या दिवशी मालगुजार दुसरा माणूस आणणार आणि गिरजाबाईची चूल विझणार. म्हणून चढताना सीतारामला राम राम, सोडायच्या आधी सीतारामची परवानगी, उतरताना "येतो मालक". नवा माणूस चुकला तर बाकीचे त्याला कोपरानं ढोसत. मलाही त्या पहिल्या दिवशी कोपर बसायचंच बाकी होतं.

गिरजाबाई मात्र हा रिवाज आमच्या कितीतरी पुढं नेत होती. तिला स्वतःचं असं मतच नव्हतं. जे काही असेल ते मालकांचं. कुणी नदीत थुंकलं की, "मालकायले आवडत नाई." मास्तर छत्री उघडून बसले की, "मालक मनते, छत्री मिटवा, हवा धरते." गोविंदा दूधवाल्यानं दुधाच्या कॅनमध्ये नदीचं पाणी घ्यायला हात वाकवला, तेव्हा तिनं बांबू उचलून त्याच्या मनगटापाशी आणला आणि अगदी मऊ आवाजात म्हणाली, "मालक पाहून राहिले गा." सगळा डोंगा हसला. सीतारामच्या वाकड्या तोंडावरही काहीतरी हललं. गोविंदानं त्या घाटावर तरी पुन्हा पाणी घातलं नाही. पलीकडं गेल्यावर काय करायचा ते त्याला ठाऊक.

माणसं बसवायची तिची एक रीत होती. ती माणसं पोत्यात मोजायची. ज्वारीचं भरलेलं पोतं हे एक माप. शामराव सव्वा पोतं, मास्तर पाऊण पोतं, गोविंदा त्याच्या कॅनसकट दोन. मी अर्धं पोतं. कुणी डोंग्यात पाय टाकला की ती लगेच बोटानं दाखवायची, "पाऊण पोतं, तुमी समोर. अर्धं पोतं, तू मधात." दिवाळीनंतर एकदा मला म्हणाली, "माय वं, चिवडा लई झाला वाट्टे. पाव पोतं वाढली." आणि सगळ्या गिरणी कामगारांसमोर मला मधून उचलून टोकाला बसवलं. मी चार दिवस तिच्याशी बोलले नाही. तिला ते समजलंसुद्धा नाही.

या पोत्यांवरून एकदा बाका प्रसंग आला. गावात तेव्हा विहिरी अजून वेगळ्या होत्या. गावचा किराणावाला माल आणायला आठवड्यातून एकदा नागपूरला जायचा. तो शामरावांच्या शेजारी बसायला तयार होईना. उघड काही बोलला नाही, उभाच राहिला. गिरजाबाईनं विचारलं, "काहून उभे जी?" तो म्हणाला, "मी तिकडं समोर बसतो." समोर मास्तर होते.

गिरजाबाई सीतारामकडं वळली. वाकून त्याच्या तोंडाजवळ कान नेला. सीताराम काही बोलत नव्हता, बोलूच शकत नव्हता, पण ती मान हलवत राहिली, "हां... हां जी... सांगतो त्यायले." मग सरळ होऊन किराणावाल्याला म्हणाली, "मालक मनते, तुमचं आन शामरावचं वजन जोडीचं हाय. दोघं गुडघ्याले गुडघा लावून बसले का डोंगा सारका राहते. नाई बसाचं त पोहत या."

किराणावाला चांगला तोंडाळ होता. पण बोलता न येणाऱ्या माणसाशी भांडायचं कसं? त्यानं सीतारामकडं पाहिलं, सीतारामनं त्याच्याकडं पाहिलं, आणि तो शामरावांच्या शेजारी जाऊन बसला. पुढं दर आठवड्याला तिथंच बसायला लागला. दोघांच्या गप्पाही व्हायला लागल्या. गिरणीतल्या कापडाचे भाव आणि गुळाचे भाव असल्या गप्पा. आमच्या गावात सुधारणा म्हणून जे काही झालं त्यातलं पुष्कळसं मालकांच्या हुकमानं झालं, असं मी अजूनही म्हणते.

सीतारामचं सगळं ती स्वतः करायची. भोंगा व्हायच्या आधी घाटाच्या दगडावर त्याला बसवून आंघोळ घालायची, वस्तऱ्यानं दाढी करायची. बाईच्या हातात वस्तरा पाहून गावच्या म्हाल्यानं, म्हणजे न्हाव्यानं, कुरकुर केली, तर त्याला म्हणाली, "दुसऱ्याचा हात लागला का मालक गाल फुगवते जी. इचारा त्यायलेच." तंबाखूत चुना मळून त्याच्या डाव्या गालात ती स्वतः ठेवायची. डोंगा चालू असताना अधूनमधून मागं वळून पाहायची. दिवसातून चार-पाच फेऱ्या व्हायच्या, त्या सगळ्यांना तो डोंग्यात असायचा. पावसाळ्यात त्याच्यावर मेणकापड, उन्हाळ्यात पळसाच्या पानांची सावली. अंगानं तो वाळत चालला होता. "मालक आता पाऊण पोत्यावर आले," असं ती एकदा मला म्हणाली आणि लगेच दुसरं काही बोलायला लागली.

एका गोष्टीवर तिचा राग अनावर व्हायचा. मास्तरांची मामेबहीण नागपूरच्या सक्करदऱ्याहून पाहुणी आली होती. बाई मनानं चांगली. डोंगा मध्यावर आल्यावर तिचं लक्ष सीतारामकडं गेलं आणि ती हळहळून म्हणाली, "अगंबाई, बिचारा! कशाला आणता हो ह्यांना असं रोज?"

गिरजाबाईनं वल्हं पाण्याबाहेर काढलं. डोंगा प्रवाहात आडवा व्हायला लागला.

"बिचारा कोणाले मनून राहिली वं बाई? त्यायच्या डोंग्यात बसली तू. बिचारा वाट्टे त उतर."

मधे नदी. उतरणार कुठं? त्या बाईचे डोळे भरून आले. मास्तर "जाऊ द्या हो, जाऊ द्या" करायला लागले. गिरजाबाई हलेना. शेवटी त्या पाहुणीनं सीतारामला हात जोडले आणि म्हणाली, "चुकलं माझं, मालक." तेव्हा कुठं वल्हं पाण्यात गेलं. मला त्या वेळी ते फार झालं असं वाटलं. परगावची बाई, तिला काय ठाऊक? पण गिरजाबाईशी वाद घालायची माझी छाती नव्हती.

मालगुजार घाटावर आले की आमच्या सगळ्यांच्या अंगात यायचं. महिन्या दोन महिन्यांनी त्यांची दमणी, बैलांची हलकी गाडी, उतारावर दिसायची. बैलांच्या घुंगरांचा आवाज आला की शामराव हळूच म्हणायचे, "आले रे आले." मालगुजार काठावर काठी टेकून उभे राहत आणि कपाळाला आठ्या घालून डोंग्याकडं पाहत. मग आमचं काम सुरू. "मालक, आज पाणी चढलं दिसते!" "मालक, परवा उशीर झाला जी, आमचा अर्धा रोज गेला!" "मालक, त्या बाजूची फळी पाहाले पायजे!" गोविंदा तर सीतारामशी चक्क हुज्जत घालायचा. मीसुद्धा एकदा जोरात तक्रार केली होती, "मालक, तुमच्या डोंग्यामुळं रोज माझी बस चुकते, आमच्या साहेबांनी मेमो दिला तर काय करू?" त्यावर सीतारामनं खरोखरच रागानं गिरजाबाईकडं पाहिलं आणि ती मान खाली घालून म्हणाली, "चुकलं जी. उद्यापासून लवकर." मालगुजार एवढं सगळं पाहून, घसा खाकरून, दमणीत बसून निघून जात. दमणी उताराआड गेली की आम्ही सुटकेचा निःश्वास टाकायचो आणि शामराव मालगुजारांच्या सात पिढ्यांचा उद्धार करायचे. आम्ही त्यांना पुन्हा एकदा बनवलं याचा आनंद पलीकडच्या काठापर्यंत पुरायचा.

एका पावसाळ्यात कन्हान अशी फुगली होती की पाण्याचा रंगच बदलला. त्या दिवशी गिरणीत पगाराचा दिवस होता आणि सगळ्यांना जायचंच होतं. काठावर गर्दी झाली. शामरावांनी विचारलं, "मालक, सोडता का?"

सीतारामनं पाण्याकडं पाहिलं. बराच वेळ पाहत राहिला. बोटं उचलली नाहीत.

शामरावांनी पुन्हा विचारलं. बोटं फळीवरच. एरवी ही परवानगी म्हणजे दोन क्षणांचं काम होतं, त्यामुळं काय करावं ते कुणाला समजेना. गोविंदा म्हणाला, "गिरजाबाई, तुमी सांगा ना जी. दूध नासून जाईन." गिरजाबाईनं एकदा नवऱ्याकडं पाहिलं. मग बांबू उचलला, काठावर आडवा ठेवला, आणि त्यावर बसली.

"मालक नाई मनते."

लोक चिडले. पुष्कळ बोलले. ती ऐकत राहिली. मास्तरांनी तिला बाजूला घेऊन समजावलं की त्याला काय कळतं, तू तरी विचार कर. ती म्हणाली, "मी काय इचार करू जी? डोंगा माहा थोडीच हाय." आम्ही सगळे परत गेलो. दुपारी पूर उतरला. ना झाड वाहत आलं, ना कुठला डोंगा बुडाल्याची बातमी आली. गेलो असतो तर बहुतेक सुखरूप पोचलो असतो. पण त्या दुपारी मी घाटावर कपडे धुवायला गेले तेव्हा झोपडीच्या दारात सीताराम भाकरी खाताना दिसला, आणि गिरजाबाई त्याच्यासमोर उकिडवी बसून हसत होती. नुसती हसत होती, लहान मुलीसारखी. मला पाहून म्हणाली, "पाहाय वं, दुसरी भाकर मांगून राहिले! आज रागावले ना मालक, मनून भूक लागली." दुसऱ्या दिवशी डोंग्यात चढताना शामराव सीतारामला म्हणाले, "काल बरं अडवलं मालक." सीतारामनं अशा थाटात मान हलवली की जणू गिरणीचा मॅनेजर तोच.

असं चाललं होतं. सीताराम वाळत होता आणि आम्ही सगळे ते पाहत होतो. आमच्यातला जो तो मनात एकच हिशेब करायचा की हा गेला की घाट जाणार. शामरावांनी आपल्या परीनं एकदोन पंचांना भेटून पाहिलं. मी कचेरीतल्या एका साहेबांना विचारून आले की बाईच्या नावानं ठेका होऊ शकतो का. हे मी गिरजाबाईला सांगितलं, तर ती म्हणाली, "कायले धावपळ करते वं? मालक हायेत ना." आम्हाला वाटलं, बाई भोळी आहे. पुढं काय वाढून ठेवलंय ते तिला कळत नाही.

एका हिवाळ्यात सकाळी भोंगा झाला, आम्ही घाटावर उतरलो, आणि डोंग्यात तणसाचं पोतं नव्हतं. झोपडीपुढं माणसं बसलेली होती. पहाटे गेला होता. झोपेतच. गिरजाबाईनं आंघोळीचं पाणी तापवलं आणि उठवायला गेली तेव्हा तिला कळलं. अपडाऊनवाल्यांपैकी त्या दिवशी कुणी कामावर गेलं नाही. स्मशान पलीकडच्या काठावर, तेव्हा शेवटचा प्रवासही त्यानं आपल्याच डोंग्यातून केला. वल्हं त्याच्या भावकीतल्या माणसांनी मारलं. बायका काठावर थांबल्या. गिरजाबाई रडली नाही असं काही मी सांगणार नाही. ती खूप रडली, मोठमोठ्यानं रडली, जमिनीवर हात आपटून रडली.

तेरवीपर्यंत आम्ही दुसऱ्या गावावरून वळसा घालून लांबच्या रस्त्यानं कामाला जात होतो. तेरवी झाल्यावर दुसऱ्या सकाळी सगळे पुन्हा घाटावर आलो, कुणी कुणाला न सांगता. डोंगा काठाला बांधलेला होता. गिरजाबाई झोपडीतून बाहेर आली, बांबू घेतला, आणि उभी राहिली. तेवढ्यात उतारावर घुंगरं वाजली. मालगुजारांची दमणी.

शामराव आम्हा सगळ्यांच्या पुढं झाले. टोपी काढली नाही. "मालगुजारसाहेब," ते म्हणाले, "सांगून ठेवतो. डोंगा गिरजाच्याच हाती राहाले पायजे. दुसरा माणूस आणाल त आमी त्याच्या डोंग्यात बसनार नाई. एक बी जन बसनार नाई."

मालगुजारांनी काठी टेकली. "अरे, मी काहून आणू दुसरा माणूस?"

"मंग कायले आले?"

"बाईच्या नावानं ठेका कराचा हाय, तिचा अंगठा घ्याले आलो." मग ते गिरजाबाईकडं वळले. "आता तरी आईक वं माही गोष्ट. सीताराम पडला त्याच महिन्यात मी तुले मनलं होतं का घाट तुह्या नावानं करून देतो. पंचायतीत कोणी नाई मनत नोतं. तूच हात जोडले."

आम्ही सगळे तिच्याकडं पाहायला लागलो. ती पाण्याकडं पाहत होती.

मालगुजार म्हणाले, "वर मले काय मने, साहेब, तुमी मंधीमंधी घाटावर येत जा आन जरासं रागानं पाहत जा. बस, एवढं करा. या वयात दमणी जुंपून येत होतो मी, नुसतं रागानं पाहाले."

शामरावांचा चेहरा उतरला होता. "गिरजा," ते म्हणाले, "आमाले काहून नाई सांगतलं वं? इतके वर्सं साहेबाले शिव्या देल्या आमी."

"देल्या का?" मालगुजार म्हणाले.

गिरजाबाई बांबूवर हनुवटी टेकून उभी होती. आवाज हळू होता, पण सगळ्यांना ऐकू आला.

"सांगतलं असतं त तुमी दयेनं इचारलं असतं जी. त्यायचं आंग गेलं होतं, समज नोती गेली. कोणाले दया आली का त्यायले लगेच कळे. दवाखान्यातून आनलं तवा सारे दयेनंच बोलत होते, आन त्यायनं अन्न सोडलं होतं. तुमी भेवून इचारत होते. घाट जाईन मनून भेत होते. मनून ते इचारनं खरं होतं. त्यायले वाटे का मी बसलो मनून डोंगा चालते, मी गेलो का इचं पोट जाईन. मनून त रोज सकाळी उठत होते ते."

मालगुजारांनी फेटा सोडून डोळे पुसले आणि अंगठ्याचं काम विसरून दमणीत जाऊन बसले.

इतकी वर्षं मी असं समजत होते की आम्ही शहाणी अपडाऊनवाली माणसं मिळून एका भोळ्या बाईचा घाट वाचवतो आहोत. तिनं त्यातून आपला नवरा वाचवला होता. माणूस मरून जाऊ नये म्हणून लोक औषध आणतात, नवस बोलतात. हिनं एक अख्खं गाव कामाला लावलं होतं, मालगुजारांसकट, आणि कुणाला पत्ता लागू दिला नव्हता.

त्यानंतर वर्षभरानं माझं लग्न झालं आणि मी नागपूरलाच राहायला गेले. पुढं तिथं पूलही झाला. मधल्या त्या वर्षात मी तिच्या डोंग्यातून रोज गेले असणार, पण आठवण काढली की मला गिरजाबाई त्या एकाच सकाळची दिसते.

आम्ही डोंग्यात बसलो. आपापल्या जागेवर, पोत्यांच्या हिशेबानं. मागचं टोक रिकामं होतं आणि तिथं कुणी बसलं नाही. पलीकडं बस लागली होती. डोंगा भरला, सगळे गप्प झाले, आणि डोंगा हलेना. गिरजाबाई बांबू धरून उभी होती. ती थांबली होती, आणि आम्हीही थांबलो होतो. सोडा म्हणणारं कुणी नव्हतं.

मग तिनं पदर खोचला. "सोडतो मी," ती म्हणाली, आणि बांबू रोवला.

पलीकडं उतरताना "येतो मालक" म्हणायची जागा तशीच राहिली. ती रिकामा डोंगा घेऊन परत फिरली. त्या डोंग्यात तिला एकटीला मी पहिल्यांदाच पाहत होते. बसचा ड्रायव्हर हॉर्नवर हॉर्न मारत होता आणि आमच्यातला एकही माणूस काठावरून हलला नाही. गोविंदा कॅन खाली ठेवून उभा. शामराव टोपी हातात घेऊन उभे. डोंगा मध्यावर गेल्यावर तिचं वल्हं थांबलं. पाठमोरी होती, काही दिसत नव्हतं. डोंगा हळूहळू प्रवाहात आडवा व्हायला लागला. तिनं वाकून ओंजळीनं पाणी घेतलं, तोंडावर मारलं, पुन्हा मारलं. मग तोंड पुसायला वळली आणि काठावर ओळीनं उभे असलेले आम्ही सगळे तिला दिसलो.

तिची आरोळी नदीवरून आली.

"काय पाहून राहिले जी असे? बस चालली ना! पळा!"

आम्ही पळालो.